चित्रपटांची पायरसी आणि तालुक्याच्या थिएटरचा हिशेब

गोदाकाठ (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी,

परभणी जिल्ह्यातील एका तालुक्याच्या गावी आमच्या वडिलांनी 27 वर्षे चित्रपटगृह चालवले. त्यातील शेवटची 9 वर्षे गल्ल्याचा हिशेब माझ्याकडे होता. थिएटर बंद होऊन बराच काळ लोटला, पण डीसीआरच्या वह्या, म्हणजे दर खेळाला कोणत्या दर्जाची किती तिकिटे गेली याच्या रोजच्या नोंदी, मी अजून जपून ठेवल्या आहेत. मागच्या महिन्यात आमच्या नातेवाइकांच्या व्हॉट्सअॅप समूहावर त्याच शुक्रवारी प्रदर्शित झालेल्या एका मराठी चित्रपटाची लिंक आली आणि तिच्याखाली अर्ध्या तासात सतरा जणांनी हात जोडून आभार मानले. तेथे मी काही बोललो नाही, कारण माणसे जवळची होती आणि त्यांतल्या कोणालाही आपण कोणाचे काही घेतो आहोत असे वाटत नव्हते. ते नेमके कोणाचे आणि किती घेतले जाते, हे येथे सविस्तर लिहावेसे वाटले.

हिशेब साधा आहे. तिकिटाचा मूळ दर 100 रुपये धरा. सप्टेंबर 2025 पासून 100 रुपयांपर्यंतच्या तिकिटावरचा जीएसटी 12 टक्क्यांवरून 5 टक्क्यांवर आला आहे, म्हणजे प्रेक्षक 105 रुपये देतो. करातले 5 रुपये बाजूला ठेवल्यावर उरलेल्या शंभराचे पहिल्या आठवड्यात साधारण निम्मे थिएटरकडे राहतात आणि निम्मे वितरकामार्फत निर्मात्याकडे जातात. 2009 साली हिंदी निर्माते आणि मल्टिप्लेक्स यांच्यातील संप मिटला, तेव्हा ठरलेले प्रमाणही असेच उतरते होते: पहिल्या आठवड्यात 50 टक्के, दुसऱ्यात साडेबेचाळीस, तिसऱ्यात साडेसदतीस आणि त्यानंतर 30 टक्के. आता 2 कोटी रुपयांत तयार झालेला मराठी चित्रपट घ्या. फक्त थिएटरमधून तेवढे पैसे परत यायचे असतील, तर प्रत्येकी 50 रुपयांच्या हिशेबाने 4 लाख माणसांनी तिकीट काढले पाहिजे, आणि त्यात जाहिरात, वितरकाचे कमिशन व डिजिटल प्रदर्शनाचे शुल्क अजून धरलेलेच नाही. 4 लाख माणसे म्हणजे कितीतरी गावांतले कितीतरी खेळ आहेत. त्यातले प्रत्येकी शंभर रुपये जिथे मोजावे लागतात, तिथे फुकटची लिंक येऊन बसते.

आमच्या वहीतले एक पान सांगतो. मेमरी कार्ड भरून देण्याचा धंदा जोरात होता, तेव्हाची ही गोष्ट आहे. बसस्थानकासमोरच्या मोबाइल दुकानात 20 रुपयांत गाणी आणि 2 चित्रपट भरून मिळत. एका मराठी चित्रपटाला शुक्रवारी रात्रीच्या खेळाला 312 तिकिटे गेली, शनिवारी 340 गेली, आणि वडिलांनी वितरकाच्या प्रतिनिधीला दुसरा आठवडा लावण्याचा शब्द दिला. हा प्रतिनिधी रिळांच्या पेटीबरोबर यायचा, थिएटरातच मुक्काम करायचा आणि रोज रात्री तिकिटांची पुस्तके तपासून डीसीआरवर सही करायचा. रविवारी दुपारी आमचा डोअरकीपर धापा टाकत आला आणि म्हणाला, समोरच्या दुकानात आपलाच सिनेमा चालू आहे. सोमवारी मॅटिनीला 11 तिकिटे गेली. पानाच्या कडेला वडिलांनी पेन्सिलीने फक्त ‘कार्ड’ एवढेच लिहून ठेवले आहे. त्या आठवड्यात कॅन्टीनवाल्याने आणि सायकल स्टँडवाल्यानेही ठेक्याचे पैसे पुढे ढकलले.

देशभराचा आकडा द्यायचा, तर अर्न्स्ट अँड यंग आणि इंटरनेट अँड मोबाइल असोसिएशन ऑफ इंडिया यांच्या ऑक्टोबर 2024 च्या अहवालात भारतातील पायरसीची 2023 मधील उलाढाल 22,400 कोटी रुपये मांडली आहे. त्यातले 13,700 कोटी चित्रपटगृहांतील आशयाचे आणि 8,700 कोटी ओटीटीवरील आशयाचे, आणि जीएसटीचे संभाव्य नुकसान 4,300 कोटींपर्यंतचे. मला हे आकडे जसेच्या तसे नुकसान म्हणून घेणे पटत नाही, कारण फुकट पाहणारा प्रत्येक माणूस तिकीट काढणारच होता असे नाही. पण 11 तिकिटांचा सोमवार मी स्वतः पाहिलेला आहे, आणि तो कोणत्याही अहवालाने पुसला जाणार नाही. आपल्या भागात यावर काय करता येईल, यासाठी हा धागा.

तेरणा

लेख मनापासून आवडला, दादा. तरीही दुसरी बाजू मांडते. मी धाराशिव जिल्ह्यात शिक्षिका आहे. आमच्या गावापासून चालू स्थितीतले सर्वांत जवळचे चित्रपटगृह 46 किलोमीटरवर आहे. चौघांचे कुटुंब मराठी चित्रपटाला निघाले, तर पेट्रोल, तिकिटे आणि मुलांचे खाणे धरून 1,200 रुपयांच्या आत परत येत नाही, आणि सोयाबीनला भाव नसलेल्या वर्षी तो विचारही कोणी करत नाही. शिवाय तेथे पोहोचल्यावर मराठी चित्रपटाला दुपारी साडेबाराचा एकच खेळ मिळालेला असतो. माझ्या वर्गातली मुले चित्रपट पाहतात ती वडिलांच्या फोनवर, टेलिग्रामवरून. त्यांना मी चोर म्हणू शकत नाही. आपण ज्या अहवालाचा उल्लेख केला आहे, त्यातच असेही नोंदवले आहे की पायरेटेड आशय पाहणाऱ्यांपैकी 64 टक्के लोक, जाहिराती सोसाव्या लागल्या तरी, तो अधिकृतपणे फुकट मिळाल्यास तिकडे वळायला तयार आहेत. म्हणजे लोकांना चोरीचा माल हवा आहे असे नाही. परवडेल असे आणि जवळ काही नाही, ही अडचण आहे.

बिंदुसरा

मी बीडला वकिली करतो. कायद्याबाबत लोकांत बराच गैरसमज आहे, म्हणून आधी तेवढे स्पष्ट करतो.

1957 च्या प्रताधिकार (कॉपीराइट) कायद्याच्या कलम 63 नुसार जाणूनबुजून केलेल्या उल्लंघनाला 6 महिने ते 3 वर्षे कारावास आणि 50 हजार ते 2 लाख रुपये दंड आहे. हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने मे 2022 मध्ये स्पष्ट केले. त्यापूर्वी अनेक पोलीस ठाण्यांत ‘हा अदखलपात्र आहे, कोर्टात जा’ असे सांगून तक्रारदाराला परत पाठवले जायचे. दुसरा टप्पा 2023 च्या चलचित्र सुधारणा कायद्याचा. 1952 च्या मूळ कायद्यात त्याने 6एए आणि 6एबी ही दोन कलमे घातली. पहिल्याने थिएटरात चालू असलेल्या चित्रपटाचे परवानगीशिवाय चित्रण करणे आणि दुसऱ्याने चोरीची प्रत नफ्यासाठी लोकांना दाखवणे हा गुन्हा ठरतो. शिक्षा 3 महिने ते 3 वर्षे, आणि दंड किमान 3 लाखांपासून चित्रपटाच्या लेखापरीक्षित निर्मितीखर्चाच्या 5 टक्क्यांपर्यंत. दंड निर्मितीखर्चाशी जोडला गेला, हे मला या सुधारणेतले सर्वांत अर्थपूर्ण पाऊल वाटते.

आपल्या राज्याची एक गोष्ट फार कमी लोकांना ठाऊक असते. वाळू तस्करावर किंवा हातभट्टीवाल्यावर ‘एमपीडीएखाली स्थानबद्धता’ अशी बातमी आपण दर आठवड्याला वाचतो. एमपीडीए, म्हणजे धोकादायक कृत्यांना आळा घालणाऱ्या 1981 च्या त्याच कायद्यात, 2009 साली दृकश्राव्य कलाकृतींची पायरसी करणाऱ्यांचाही समावेश झालेला आहे, म्हणजे सराईत पायरसी करणाऱ्याला वर्षभरापर्यंत स्थानबद्ध करण्याची तरतूद महाराष्ट्रात आहे. माझ्या अनुभवात तरी ती या कारणासाठी वापरलेली मी पाहिलेली नाही.

तेरणाताई, आपल्या मुलांच्या संदर्भात एक सांगतो. कायद्याचा रोख प्रत तयार करणाऱ्यावर, तिचा व्यापार करणाऱ्यावर आणि हक्कधारकाला बाधा पोहोचेल इतक्या प्रमाणात ती वाटणाऱ्यावर आहे. फोनवर चित्रपट पाहणाऱ्या सातवीतल्या मुलामागे कोणी लागणार नाही, आणि लागूही नये. पण 256 जणांच्या समूहावर फाइल टाकणारा स्वतःला नुसता प्रेक्षक म्हणवून घेऊ शकत नाही.

मांजरा

लातूरहून पुण्याला मी महिन्यातून दोनदा रात्रीच्या खासगी ट्रॅव्हल्सने जातो. मागच्या महिन्यात गाडी मुरूडच्या पुढे गेल्यावर क्लीनरने पेन ड्राइव्ह लावला. चित्रपट आठच दिवसांपूर्वी प्रदर्शित झालेला होता. पडद्याच्या खालच्या भागात समोरच्या रांगेतल्या माणसांची डोकी दिसत होती, मध्येच कोणीतरी उठून गेला, प्रेक्षकांचे हसणेही त्यात होते, आणि वरच्या कोपऱ्यात एका जुगाराच्या अॅपची पट्टी अखंड फिरत होती. माझ्या शेजारी आजी आणि त्यांचा आठ-नऊ वर्षांचा नातू होता. त्या मुलाने मला विचारले, ‘काका, हे अॅप काय आहे, यात पैसे मिळतात का?’ तेव्हापासून हा विषय माझ्या डोक्यातून जात नाही. तिकिटाचे 900 रुपये घेऊन 36 माणसांना चित्रपट दाखवणे हे बिंदुसरा साहेबांनी सांगितलेल्या 6एबीमध्ये बसते का?

आणखी एक. आमच्या कार्यालयातील एका सहकाऱ्याने टेलिग्रामवरच्या चित्रपटाच्या चॅनेलने सांगितल्याप्रमाणे एक एपीके फाइल, म्हणजे अॅप बसवणारी फाइल, फोनमध्ये घेतली. चित्रपट उघडला नाही, मात्र दुसऱ्या दिवशी खात्यातून 38 हजार रुपये गेले. त्यांनी लगेच सायबर फसवणुकीच्या 1930 या मदत क्रमांकावर फोन केला म्हणून त्यातली काही रक्कम गोठवली गेली. उरलेली मिळाली नाही.

बिंदुसरा

मांजरा साहेब, माझ्या मते बसते. प्रवासभाड्यात करमणूक हा सेवेचा भाग म्हणून जाहिरातीत छापलेला असेल, तर नफ्याचा हेतू दाखवणे अवघड नाही, आणि बस हे चित्रपट प्रदर्शनाचा परवाना असलेले ठिकाण नाही. अधिकृत डीव्हीडी लावली तरी घरगुती वापराचा परवाना आणि सार्वजनिक प्रदर्शनाचा परवाना वेगळे असतात.

शाळांचे मात्र वेगळे आहे, आणि ते तेरणाताईंच्या उपयोगाचे आहे. प्रताधिकार कायद्याच्या कलम 52 मध्ये शैक्षणिक संस्थेच्या उपक्रमाचा भाग म्हणून, प्रेक्षक फक्त विद्यार्थी, कर्मचारी, पालक आणि त्या उपक्रमाशी संबंधित व्यक्ती असतील तर चित्रपट दाखवायला मोकळीक आहे. प्रत तेवढी अधिकृत असावी.

खाम

मी छत्रपती संभाजीनगरचा आहे. विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागातून मुंबईला गेलो आणि 11 वर्षे संकलक म्हणून काम करतो आहे. प्रत नेमकी फुटते कुठे, हे माझ्या बाजूने लिहितो.

थिएटरात आज रिळांची पेटी येत नाही. चित्रपट कुलूपबंद फाइलच्या रूपात येतो आणि त्याची किल्ली विशिष्ट सर्व्हरसाठी, विशिष्ट तारखेपासून विशिष्ट तारखेपर्यंतच चालते. शिवाय पडद्यावरच्या चित्रात आणि आवाजात डोळ्याकानांना न कळणारी खूण मिसळलेली असते. मोबाइलने चित्रण केले तरी ती खूण त्यात उतरते, आणि प्रयोगशाळेत तपासल्यावर कोणत्या यंत्रावरच्या, कोणत्या दिवशीच्या, कोणत्या वेळच्या खेळात ते झाले हे सांगता येते. म्हणून कॅमेऱ्याने केलेली प्रत पकडता येण्यासारखी असते. त्याहून मोठा धोका प्रदर्शनाआधीच्या प्रतीचा. संकलन, ध्वनी, रंगसंगती, उपशीर्षके, प्रमाणपत्रासाठी पाठवलेली प्रत अशा दहा ठिकाणी फाइल फिरते. जून 2016 मध्ये ‘उडता पंजाब’ प्रदर्शनाच्या दोन दिवस आधीच इंटरनेटवर आला होता. माझ्या एका निर्मात्याचा पहिलाच चित्रपट अशाच एका टप्प्यावरून बाहेर गेला. नेमका कोणाकडून, हे शेवटपर्यंत सिद्ध झाले नाही. त्यांनी घर गहाण ठेवून चित्रपट केला होता, आणि ओटीटीवाल्यांनी ‘हा सगळीकडे पाहून झालेला आहे’ म्हणून किंमत पाडून मागितली. थिएटरातले नुकसान सर्वांना दिसते. हे दुसरे नुकसान कोणाला दिसत नाही, आणि लहान चित्रपटाला तेच जास्त लागते, कारण त्याचे निम्मे गणित या नंतरच्या विक्रीवर मांडलेले असते.

राज्य शासनाची अर्थसाहाय्य योजना आहे, ‘अ’ दर्जाच्या मराठी चित्रपटाला 40 लाख आणि ‘ब’ दर्जाला 30 लाख. तिचा आधार मोठा आहे हे मी कृतज्ञतेने लिहितो. पण ते पैसे येईपर्यंत सावकाराचे व्याज थांबत नाही.

अनेक जण म्हणतात की चित्रपट चांगला असेल तर लोक येतातच, आणि 2016 च्या ‘सैराट’चे उदाहरण देतात. त्याने सुमारे 100 कोटींचा पल्ला गाठला, हे खरेच आहे. मी या युक्तिवादावर पुष्कळ विचार केला आहे आणि तो मला अपुरा वाटतो, पण नेमके कुठे अपुरा आहे हे गोदाकाठ यांच्यासारख्या थिएटर चालवलेल्या माणसाने सांगावे.

गोदाकाठ

खाम, आपण विचारले म्हणून वह्या पुन्हा काढल्या.

मोठ्या चित्रपटाला पहिल्या तीन दिवसांतच गर्दी होते. लोक तो पाहायला जमतात, आणि त्या जमण्यातच अर्धी मजा असते. त्याची चोरीची प्रत आली तरी माणूस म्हणतो, फोनवर नको, थिएटरात पाहू. लहान मराठी चित्रपटाचे तसे नसते. त्याला शुक्रवारी पाऊणशे माणसे येतात. त्यांतली आवडलेली माणसे सोमवारी बाजारात, शाळेच्या स्टाफरूममध्ये, पारावर बोलतात आणि त्या बोलण्यावर दुसरा आठवडा उभा राहतो. आमच्या वहीत असे 14 मराठी चित्रपट आहेत ज्यांचा दुसरा आठवडा पहिल्यापेक्षा जास्त भरला, आणि ते सगळे कार्ड भरण्याच्या धंद्यापूर्वीचे आहेत. नंतरच्या काळात असा एकही नाही. तोंडी शिफारस आजही होते. फरक एवढाच पडला आहे की ऐकणारा ‘कुठे लागलाय?’ असे विचारत नाही, ‘लिंक पाठव’ म्हणतो. चित्रपट चांगला असला की पायरसी वाढते, आणि म्हणून चांगला चित्रपट आपोआप तरतो हे म्हणणे लहान चित्रपटाला लागू पडत नाही.

चित्रपट व्यवसायाच्या नकाशात मराठवाडा परंपरेने ‘निजाम’ सर्किटमध्ये, म्हणजे वितरणाच्या हैदराबाद विभागात, मोजला जातो. 1948 साली आपण हैदराबाद संस्थानातून मुक्त झालो, पण हिंदी चित्रपटांच्या वितरणाच्या सीमा जुन्याच राहिल्या. म्हणून नोव्हेंबर 2025 मध्ये हैदराबाद पोलिसांनी ‘आयबोम्मा’ या तेलुगू चित्रपटांच्या संकेतस्थळाच्या चालकाला अटक केली, ती बातमी मी आपल्याच अंगणातली म्हणून वाचली. पोलिसांनी तेव्हा सांगितले की या संकेतस्थळावरून बेकायदा सट्ट्याच्या अॅपची जाहिरात होत होती. मांजरा यांना बसमध्ये दिसलेली पट्टी त्याच जातीची आहे. चित्रपट हे गळाचे आमिष आहे आणि कमाई सट्ट्यातून होते, हे एकदा लक्षात आले की फुकट चित्रपट कोणी उपकार म्हणून वाटतो आहे हा समज उरत नाही.

तेरणाताई, आपले म्हणणे मला पूर्ण मान्य आहे आणि ते मला लागलेही, कारण ते 46 किलोमीटरचे अंतर आमच्यासारखी थिएटरे बंद पडल्यामुळेच तयार झाले. पायरसीने थिएटर बंद पडते आणि थिएटर नाही म्हणून पायरसी वाढते. हे चक्र कुठेतरी तोडायचे, तर माझ्या मते प्रेक्षकावर कारवाई करून ते तुटणार नाही. त्याला 100 रुपयांच्या आतले तिकीट गावाजवळ मिळाले पाहिजे. माळेगावच्या यात्रेत तंबूतला सिनेमा पाहायला माणसे कशी रांग लावत, ते मी लहानपणी पाहिले आहे. आज प्रोजेक्टर आणि कुलूपबंद फाइल दोन्ही एका जीपमध्ये मावतात. नगरपालिकांची नाट्यगृहे आठवड्यातले पाच दिवस रिकामी असतात. दोन-तीन निर्मात्यांनी मिळून, रीतसर परवाना काढून, पहिल्याच आठवड्यात तालुक्यांतून असे खेळ लावले, तर मी हिशेब लिहायला विनामोबदला येईन.

आणि कारवाई करायचीच, तर ती ट्रॅव्हल्सवर, समूह चालवणाऱ्यांवर आणि जाहिरातीचा पैसा घेणाऱ्यांवर व्हावी.

मांजरा

मी त्या ट्रॅव्हल्सच्या मालकांना भेटलो. माणूस सरळ आहे. त्यांना हा गुन्हा आहे हेच माहीत नव्हते, पेन ड्राइव्ह क्लीनर कुठून भरून आणतो हेही माहीत नव्हते. 3 लाखांच्या किमान दंडाचा आकडा ऐकल्यावर त्यांनी माझ्यासमोर दोन चालकांना फोन केले. त्यांनी मला उलट विचारले की रीतसर परवाना घेऊन मराठी चित्रपट दाखवायचे असतील तर कोणाकडे जायचे. याचे उत्तर खाम यांच्या ओळखीतून मिळाले तर बरे होईल, कारण लातूर-पुणे रस्त्यावर रोज रात्री किती तरी गाड्या धावतात आणि प्रत्येक गाडीमागे थोडी जरी रक्कम निर्मात्याकडे गेली तरी तो नवा गल्लाच आहे.

त्या टेलिग्राम चॅनेलचे काय करायचे?

खाम

ज्या निर्मात्यांविषयी वर लिहिले, त्यांच्याशी बोललो. ते स्वतःच्या चित्रपटापासून सुरुवात करायला तयार आहेत. मालकांचा क्रमांक मला व्यक्तिगत संदेशात पाठवा, येथे नको.

बिंदुसरा

चॅनेलसाठी दोन मार्ग आहेत. नोव्हेंबर 2023 पासून माहिती व प्रसारण मंत्रालयात आणि चित्रपट प्रमाणन मंडळात अशा तक्रारी घेणारे नोडल अधिकारी नेमलेले आहेत. हक्कधारकाने किंवा त्याने अधिकार दिलेल्या व्यक्तीने तक्रार केल्यास संबंधित संकेतस्थळाला किंवा अॅपला 48 तासांत तो आशय काढावा लागतो. त्रयस्थ माणसालाही तक्रार करता येते, मात्र तेव्हा अधिकारी सुनावणी घेऊ शकतात. म्हणून खाम यांच्या निर्मात्यांनीच अर्ज करणे अधिक सोपे. दुसरा मार्ग उच्च न्यायालयाचा. दिल्ली उच्च न्यायालयाने एप्रिल 2019 मध्ये असा आदेश दिला की बंद केलेले संकेतस्थळ नव्या नावाने आले तरी तोच मनाई हुकूम त्याला लागू करून घेता यावा, आणि ऑगस्ट 2022 मध्ये टेलिग्रामला चॅनेल चालवणाऱ्यांची माहिती देण्यास सांगितले. लहान निर्मात्याला तो खर्च झेपणार नाही, म्हणून पहिला मार्ग आधी. सट्ट्याच्या पट्टीबाबत ‘महाराष्ट्र सायबर’ या राज्याच्या सायबर गुन्हे यंत्रणेकडे स्वतंत्र तक्रार द्यावी.

मांजरा साहेब, चॅनेलचे नाव, पूर्ण दुवा, सदस्यसंख्या, चित्रपटाची फाइल ज्या संदेशात आहे त्याचे तारीख-वेळेसह स्क्रीनशॉट आणि त्या अॅपच्या जाहिरातीचा स्क्रीनशॉट एवढे काढून ठेवा. फाइल उतरवून घेऊ नका आणि पुढे कोणालाही पाठवू नका, मलाही नाही. अर्जाचा मसुदा मी रविवारपर्यंत येथे टाकतो.